डॉक्टर, सिस्टर आणि रात्रपाळी

रात्रीचे दोन वाजले आहेत. बाहेर पाऊस कोसळतो आहे. नुकतीच एक अवघड शस्त्रक्रिया पार पडली आहे. तरुण सर्जन कपाळावरचा घाम पुसतो, तोंडावरची पट्टी खाली ओढतो आणि समोर उभ्या असलेल्या परिचारिकेकडे पहिल्यांदाच नीट पाहतो. “सिस्टर, आज तुम्ही नसता, तर...” वाक्य अर्धवट राहते. तिचे डोळे खाली झुकतात.

पुढचे सांगायला नकोच. ते तुम्हांआम्हांला पाठ आहे. ह्याच मजकुरावर गेली साठसत्तर वर्षे किती कथा निघाल्या, किती चित्रपट निघाले, आणि आता किती मालिका निघत आहेत, ह्याचा हिशेब कोणी ठेवला असेल असे वाटत नाही. असलीच एक कथा मी परवा आमच्या आत्याला वाचून दाखवली. आत्याने ऐंशी कधीच ओलांडली आहे. १९५९ साली ती मुंबईच्या एका मोठ्या इस्पितळात परिचारिकेचे शिक्षण घ्यायला दाखल झाली आणि चाळीस वर्षांनी तिथूनच निवृत्त झाली. कथा तिने शांतपणे ऐकून घेतली. मग चष्मा काढून विचारले,

“आणि हत्यारं कोण धुणार?”

“म्हणजे?”

“अरे, ऑपरेशन संपलं की सर्जन जातो चहाला. आमचं काम तिथून सुरू होतं. हत्यारं धुवायची, मोजायची, पुन्हा डब्यात लावायची. हातमोजेसुद्धा तेव्हा फेकत नसत. धुवायचे, हवा भरून कुठं भोक आहे का बघायचं, वाळवायचे, पावडर लावायची आणि नंबराप्रमाणे जोड्या लावायच्या. डोळे खाली झुकवायला वेळ कुणाला होता? झुकलेच तर झोपेनं!”

आत्याच्या ह्या एका प्रश्नाने माझा हा लेख सुरू झाला. गोष्टीतला इस्पितळी प्रणय आणि खरा इस्पितळी प्रणय ह्यांत अंतर किती, हे पाहावे असे मनात आले.

चित्रपटातले इस्पितळ

चित्रपटातल्या इस्पितळाची काही ठरलेली लक्षणे आहेत. तिथला डॉक्टर मेंदूपासून पायाच्या अंगठ्यापर्यंत सर्व शस्त्रक्रिया एकटाच करतो. थिएटरच्या दारावर एक दिवा असतो; तो विझला की नातेवाईक उठून उभे राहतात. आणि परिचारिकेला एकच रोगी असतो.

१९६० साली किशोर साहूंचा ‘दिल अपना और प्रीत पराई’ आला. मीनाकुमारी परिचारिका, राजकुमार डॉक्टर. दोघांचे मन जुळते, पण डॉक्टर उपकारांच्या ओझ्याखाली दुसरीच्या गळ्यात माळ घालतो. ती दुसरी म्हणजे नादिरा, तेव्हा ती दुष्ट असणार हे ओघानेच आले. अखेर तिची मोटार तिच्याच दुष्टाव्यापायी कड्यावरून कोसळते आणि नायकनायिकेची वाट मोकळी होते. आत्या आणि तिच्या वर्गातल्या मुली हा चित्रपट रजेच्या दिवशी चोरून पाहून आल्या होत्या. चोरून अशासाठी, की वसतिगृहाचे दार संध्याकाळी ठरल्या वेळी बंद होई आणि मेट्रनबाई स्वतः हजेरी घेत. “रडलो खूप,” आत्या म्हणाली. “पण परत येताना एकीनं विचारलं, ही बाई ड्यूटीवर असताना एवढी भटकते, हिचा वॉर्ड कोण बघतं गं?”

तीन वर्षांनी ‘दिल एक मंदिर’ आला. त्यात डॉक्टरची पूर्वीची प्रेयसी आपल्या आजारी नवऱ्याला त्याच्याच इस्पितळात घेऊन येते. डॉक्टर जिवाचे रान करून नवऱ्याला वाचवतो आणि आपण मरतो. आमच्या पिढीत हा चित्रपट पाहून पुष्कळ मुलांनी डॉक्टर व्हायचे ठरवले म्हणतात. ते पुढे मरेपर्यंत राबले की नाही, कोण जाणे.

परंतु ह्या सगळ्यांत मला विलक्षण वाटतो तो ‘खामोशी’. मूळ कथा बंगालीतल्या आशुतोष मुखोपाध्यायांची. १९५९ साली असित सेनांनी तिच्यावर ‘दीप ज्वेले जाइ’ काढला, त्यात सुचित्रा सेन होती. पुढे त्यांनीच तो हिंदीत केला, वहिदा रहमानला घेऊन. मनोरुग्णांच्या इस्पितळातली एक परिचारिका. प्रेमभंगाने वेडा झालेला रोगी तिच्या हवाली केला जातो, आणि तिने त्याच्यावर प्रेम करण्याचे सोंग करावे, हाच त्याच्यावरचा उपचार ठरतो. रोगी बरा होतो आणि दुसरीशी लग्न करायला निघून जातो. मग दुसरा रोगी येतो. पुन्हा तेच सोंग. शेवटी वेड लागते ते तिला. वैद्यकशास्त्राच्या दृष्टीने हा उपचार निव्वळ थोतांड आहे. पण परिचारिकेकडे माया ही गोळ्या-औषधांसारखी मागायची, आणि ती मायाही तिच्या पगारातच धरायची, ही जी सर्वांची समजूत, तिच्यावर ह्या कथेने नेमके बोट ठेवले आहे. आत्याला हा चित्रपट आवडतो का, असे मी विचारले. तिने उत्तर दिले नाही.

विलायती कारखाना

विलायतेत तर ह्या मालाचा कारखानाच निघाला. ‘मिल्स अँड बून’ ही लंडनची प्रकाशनसंस्था १९०८ सालची. १९५० नंतर तिने डॉक्टर-नर्सच्या प्रेमकथांची स्वतंत्र ओळच चालू केली. त्या आधी बायकांच्या साप्ताहिकांतून क्रमशः येत आणि मग पुस्तकरूपाने. आपल्याकडे रेल्वे स्टेशनांवर आणि फिरत्या वाचनालयांत त्यांची पाने सुटेपर्यंत वाचली गेली. आता गंमत पाहा. ह्या कथा लिहिणाऱ्यांत खऱ्या परिचारिका पुष्कळ होत्या. बेटी नील्स ही त्यांतली एक. आयुष्यभर परिचारिकेची नोकरी केली, निवृत्त झाली, आणि मग साठीच्या सुमारास लेखणी हाती घेतली. १९६९ साली पहिली कादंबरी आली. त्यानंतर शंभराहून अधिक. नायक बहुधा उंचापुरा, अबोल, गर्भश्रीमंत असा डच डॉक्टर. बाईंचे यजमानही डचच होते, पण डॉक्टर नव्हते!

दुसरी ल्युसिला अँड्र्यूज. हिची हकीगत मात्र हसण्यावारी नेण्यासारखी नाही. दुसऱ्या महायुद्धात तिने लंडनच्या सेंट टॉमस इस्पितळात शिक्षण घेतले. बाँबवर्षावात जखमी झालेल्यांची शुश्रूषा केली. युद्धानंतर १९४७ साली तिने लग्न केले, आणि तेही अगदी कादंबरीत शोभेल असे, म्हणजे एका डॉक्टरशी. थोड्याच काळात तिच्या ध्यानात आले, की नवऱ्याला मादक औषधांचे व्यसन आहे. औषधांच्या कपाटाची किल्ली ज्याच्या हाती, त्यालाच हा रोग जडावा! पदरी एक लहान मुलगी. नवरा इस्पितळात. बाई रात्री नोकरी करी आणि उरलेल्या वेळात गोष्टी लिही. १९५४ साली नवरा वारला, आणि त्याच वर्षी तिची पहिली कादंबरी प्रसिद्ध झाली. त्यानंतर तिने तीसेक कादंबऱ्या लिहिल्या. त्यांत देखणे, निर्व्यसनी डॉक्टर परिचारिकांना मागण्या घालत राहिले आणि त्यावर तिची मुलगी वाढली, शिकली. स्वतःच्या युद्धकाळच्या आठवणी तिने १९७७ साली लिहिल्या. पुस्तकाच्या नावाचा अर्थ असा, की प्रणयाला तिथे सवडच नव्हती. इयन मॅकइवन ह्या नामवंत कादंबरीकाराने २००१ सालच्या आपल्या ‘अटोनमेंट’मध्ये ह्या आठवणींचा बराच आधार घेतला आणि २००६ साली त्यावरून मोठा वाद झाला. त्याच वर्षी बाई गेल्या.

ए. जे. क्रोनिन आपल्याकडच्या जुन्या वाचकांचा लाडका. ‘द सिटाडेल’ ही त्याची १९३७ सालची कादंबरी. विजय आनंदने तिच्यावरूनच १९७१ साली ‘तेरे मेरे सपने’ काढला. कादंबरीतल्या तरुण डॉक्टरची बायको शाळामास्तरीण आहे. क्रोनिनची स्वतःची बायको मात्र त्याच्याबरोबर ग्लासगोला वैद्यकी शिकलेली, डॉक्टर होती. गोष्टीत तिची पदवी का काढून घेतली? नवऱ्याइतकेच औषध कळणारी बायको नायिका म्हणून वाचकांना चालली नसती, असे त्याला वाटले काय? मला तरी दुसरे कारण दिसत नाही.

हातमोज्यांची कथा

आता खऱ्या प्रेमकथेकडे वळू. तीही हातमोज्यांचीच आहे.

१८८९ साली अमेरिकेत बाल्टिमोर येथे जॉन्स हॉपकिन्स इस्पितळ उघडले. तिथला मुख्य सर्जन विल्यम हॅल्स्टेड. शस्त्रक्रियेच्या खोलीची प्रमुख परिचारिका कॅरोलाइन हॅम्प्टन, दक्षिणेतल्या एका बड्या घराण्यातली मुलगी. जंतू मारण्यासाठी तेव्हा पाऱ्याच्या क्षाराच्या द्रावणात हात बुडवावे लागत. त्या द्रावणाने बाईंच्या हातांची सालडी निघू लागली. काम सोडावे लागते की काय, अशी पाळी आली. तेव्हा हॅल्स्टेडने गुडइयर ह्या रबराच्या कंपनीला पातळ रबराचे हातमोजे करून द्यायला सांगितले. सुरुवातीला फक्त दोन जोड. १८९० च्या जूनमध्ये दोघांचे लग्न झाले.

पुढे ह्या गोष्टीबद्दल लिहिताना हॅल्स्टेडने एवढेच नमूद केले, की ही बाई कामात असामान्य हुशार असल्यामुळे आपण तिच्या तक्रारीचा विचार केला. प्रेमाचे ह्याहून कोरडे वर्णन कोणी केले असेल असे मला वाटत नाही! आणि अधिक मौज अशी, की हे मोजे बाईंच्या हातांसाठी होते, रोग्यासाठी नव्हते. शस्त्रक्रिया करणाऱ्या प्रत्येकाने ते घातले तर जखमा चिघळत नाहीत, हे त्याच इस्पितळातल्या ब्लडगुड ह्या त्याच्या शिष्याने पुढे कितीतरी वर्षांनी आकडेवारीनिशी दाखवले. जगातल्या प्रत्येक शस्त्रक्रियागृहात आज जे मोजे दिसतात त्यांच्या मुळाशी एका परिचारिकेचे सोललेले हात आहेत.

कथा इथे संपवली तर गोड वाटेल. पण संसार कसा झाला? लग्नानंतर कॅरोलाइनने नोकरी सोडली. हॅल्स्टेड आधीच कोकेनच्या आणि मग मॉर्फिनच्या आहारी गेलेला; स्वतःवर प्रयोग करता करता ते व्यसन लागले होते आणि ते जन्मभर सुटले नाही. मूलबाळ झाले नाही. मोठ्या घरात दोघांचे मजले वेगळे होते. तरीही १९२२ च्या सप्टेंबरात तो गेला आणि तीन महिने होण्याच्या आत तीही गेली. ह्याला सुखाचा संसार म्हणावे की नाही, हे ज्याचे त्याने ठरवावे.

सोलापूरचा जावई

आपल्या मातीतली अशीच एक कथा सर्वांना माहीत आहे, निदान अर्धी तरी. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस मुंबईच्या सेठ गो. सुं. वैद्यकीय महाविद्यालयात शिकले आणि १९३८ साली पाच डॉक्टरांच्या पथकातून चीनला गेले. जपानशी युद्ध चालू होते. तिथे क्वो चिंगलान ही परिचारिका, परिचर्येचे शिक्षण देणारी, त्यांना भेटली. १९४१ साली लग्न झाले. १९४२ च्या ऑगस्टमध्ये मुलगा झाला. त्याचे नाव ठेवले इन्‌ह्वा, म्हणजे भारत-चीन. डिसेंबरात, वयाच्या बत्तिसाव्या वर्षी, फेफऱ्याच्या विकाराने कोटणीस वारले.

१९४६ साली शांतारामबापूंनी ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ काढली. स्वतः कोटणीस झाले आणि जयश्रीबाई चिंगलान. चित्रपटाच्या शेवटी चिंगलान बाळाला घेऊन सोलापूरच्या घरी येते. प्रेक्षक डोळे पुसत बाहेर पडतात. प्रत्यक्षात ती चीनमध्येच राहिली. मुलगा वाढला, बापाप्रमाणे वैद्यकी शिकू लागला, आणि १९६७ साली, पदवी हाती पडण्याच्या सुमाराला, चोविसाव्या वर्षी गेला. चिंगलान त्यानंतर पंचेचाळीस वर्षे जगली. भारतात ती अनेकदा येऊन गेली, कोटणीसांच्या घरच्यांना भेटली. २०१२ साली, शहाण्णव वर्षांची होऊन तिने डोळे मिटले. एका वर्षाचा संसार आणि सत्तर वर्षांची त्याची आठवण. हा भाग चित्रपटात नाही, कसा असणार?

सुखान्त पाहिजेच असेल तर तोही आहे. रजनीकांत आणि मेबल आरोळे वेल्लोरच्या वैद्यकीय महाविद्यालयात एका वर्गात होते. १९६० साली लग्न केले ते खेड्यात काम करण्याचा शब्द एकमेकांना देऊनच, आणि १९७० साली नगर जिल्ह्यातल्या जामखेडला जाऊन तो पाळला. अक्षरओळख नसलेल्या बायकांना शिकवून त्यांनी गावोगावच्या आरोग्यसेविका केल्या. १९७९ साली दोघांना मिळून मॅगसेसे पुरस्कार लाभला. प्रकाश आमटे आणि मंदाकिनी नागपूरच्या महाविद्यालयात भेटले, आणि भूल देण्याचे शास्त्र शिकलेली ही मुलगी १९७३ साली हेमलकशाच्या रानात राहायला गेली, जिथे वीजही नव्हती. अभय आणि राणी बंग हेही नागपूरचेच. अशा जोडप्यांच्या प्रणयात पाऊस, व्हरांडा वगैरे काही नसते. ‘मी अमुक ठिकाणी जाणार, येतेस का?’ ‘येते.’ संपले. ह्यावर कथा लिहायची म्हटले तर दुसरे पान भरत नाही.

आणि तालुक्याच्या गावी गेलात तर बाजारपेठेच्या तोंडाशी एक दुमजली इमारत दिसेल. पाटीवर दोन नावे, आडनाव एक. तो सर्जन, ती स्त्रीरोगतज्ज्ञ. नाही तर तो अस्थितज्ज्ञ आणि ती भूल देणारी. खाली इस्पितळ, वर बिऱ्हाड. कोणी कोणता विषय घ्यायचा, हे पुष्कळदा लग्न ठरतानाच ठरते. प्रेमात व्यवहार आला म्हणून नाके मुरडणाऱ्यांनी रात्री तीन वाजता अडलेली बाळंतीण घेऊन त्या दारात उभे राहून पाहावे.

वरची पायरी, खालची पायरी

मात्र ह्या सर्व जोडप्यांत दोघेही डॉक्टर आहेत, हे आपल्या ध्यानात आले असेलच. गोष्टीत डॉक्टर सिस्टरशी लग्न करतो. आपल्याकडे प्रत्यक्षात असे लग्न क्वचित झाले, आणि झाले तेव्हा दोन्ही घरांत आदळआपट झाली.

१९६७ साली लेनर्ड स्टाइन ह्या अमेरिकन मानसोपचारतज्ज्ञाने डॉक्टर आणि नर्स ह्यांच्यातल्या एका ‘खेळा’वर निबंध लिहिला. खेळाचा नियम असा: रोग्याला काय हवे ते नर्सला कळले, तरी तिने ते सरळ सांगायचे नाही. डॉक्टरला आपणच सुचले असे वाटेल, अशा बेताने सुचवायचे. मी हे सांगू लागलो तर आत्या खो खो हसत सुटली. “ह्याला अमेरिकेत जावं लागलं होय? ‘सर, परवा आपण त्या सात नंबरच्या बाईला दिलं होतंत, तेच इंजेक्शन काढून ठेवू का?’ असं म्हणायचं. त्यानं कुणाला काही दिलेलं नसायचं. पण तो म्हणायचा, हो, काढा. रोगी वाचला म्हणजे झालं.”

ज्या नात्यात बाईने आपले ज्ञान लपवायचे असते, त्या नात्यात प्रेम कसे रुजावे? शिवाय परिचारिकेच्या लग्नावर कित्येक ठिकाणी नियमांचाच पहारा असे. आपल्या लष्करात तर एका परिचारिका-अधिकाऱ्याला लग्न केले म्हणून १९८८ साली नोकरीतून काढून टाकले होते. तिने न्याय मागितला. सर्वोच्च न्यायालयाने २०२४ च्या फेब्रुवारीत तो नियम स्त्रियांवर उघड अन्याय करणारा ठरवून तिला साठ लाख रुपये देण्याचा हुकूम केला. छत्तीस वर्षांनी!

उलट बाजूही सांगितली पाहिजे. जुन्या चित्रपटातला साहेब नर्सची वाट अडवून गाणे म्हणे आणि आपण टाळ्या वाजवत असू. २०१३ च्या कायद्याने आता प्रत्येक मोठ्या इस्पितळात अशा तक्रारींसाठी समिती नेमावी लागते. तो नायक आज समितीपुढे उभा राहिला असता, आणि ते योग्यच झाले असते.

परळच्या के. ई. एम. रुग्णालयातल्या अरुणा शानबागचे नाव इथे घेतल्यावाचून पुढे जाववत नाही. तिचे लग्न त्याच रुग्णालयातल्या एका डॉक्टरशी ठरले होते. १९७३ च्या नोव्हेंबरात तिथल्याच एका सफाई कामगाराने तिच्यावर अत्याचार केला. गळ्याला साखळी आवळल्याने मेंदूला इजा झाली आणि ती पुन्हा कधी शुद्धीवर आली नाही. तो डॉक्टर काही काळ येत राहिला. पुढे त्याची वाट वेगळी झाली, आणि त्याला दोष देण्याचा अधिकार कोणाला आहे? पण त्या रुग्णालयातल्या परिचारिकांनी तिला २०१५ च्या मेपर्यंत, म्हणजे एकेचाळीस वर्षांहून अधिक काळ, सांभाळले. ज्या तिच्याबरोबर शिकल्या त्या निवृत्त झाल्या. ज्या तिच्यानंतर जन्मल्या त्यांनी तिला न्हाऊमाखू घातले.

हे लिहून झाले तेव्हा आत्याला मी विचारायचे राहिलेले विचारले. तिने लग्न केले नाही, हे घरात सर्वांना माहीत; का केले नाही, हे कोणी विचारले नव्हते.

“होता एक हाउसमन,” ती म्हणाली. “रात्री काम संपलं की हातमोज्यांच्या खोलीत येऊन बसायचा. जोड्या लावायला मदत करायचा. बोलायचा कमी. एकदा त्याची आई आली वसतिगृहावर मला बघायला. चांगली होती बाई. एकच विचारलं, ‘रात्रपाळी असते का हो तुम्हांला?’ मी म्हटलं, असते. मग चहा घेतला त्यांनी आणि गेल्या.”

“आणि तो?”

“त्याचं सहा महिन्यांचं पोस्टिंग संपलं.”

बराच वेळ ती गप्प होती. मग हाताचा पंजा उघडून त्याकडे पाहत म्हणाली, “साडेसहा नंबर लागायचा त्याला. पुरुषाचे एवढे लहान हात मी पुन्हा पाहिले नाहीत.”